मनाला फार लागतं त्या माणसांबरोबर राहताना: तुमचे अनुभव लिहा

परवा रात्री साडेअकराला धाकट्या बहिणीचा फोन आला. ऑफिसातल्या मैत्रिणी तिला न सांगता जेवायला गेल्या होत्या, एवढंच झालं होतं. ती इतके हुंदके देत होती की आधी मला वाटलं कुणीतरी गेलं. मी पटकन बोलून गेले, "अगं, एवढ्याशा गोष्टीचं काय मनाला लावून घेतेस?" तिनं फोन ठेवला. दोन दिवस उचलला नाही.

हे वाक्य आमच्या घरात तिनं लहानपणापासून ऐकलंय. त्यानं ती एकदाही शांत झालेली नाही, हे मला आत्ता, चाळिशी ओलांडल्यावर दिसतंय. तुमच्या घरी असं कुणी असेल, किंवा तुम्ही स्वतः तसे असाल, तर काय केल्यानं खरंच फरक पडला ते लिहाल का? सल्ले नकोत, घडलेलं सांगा.
– कर्वेनगर

*

मी तुमच्या बहिणीसारखीच आहे, म्हणून आतून कसं असतं ते सांगते. लोकांना भडका दिसतो. त्याच्या आधी माझे कान गरम होतात, पोटात खड्डा पडतो आणि समोरच्याचे शब्द ऐकू येईनासे होतात. "जरा शांतपणे विचार कर" हे त्या क्षणी मला सांगून उपयोग नसतो. विचार करणारी मी तिथे नसतेच.

तीन वर्षांपूर्वी एका समुपदेशक ताईंकडे जायला लागले. त्यांनी डायलेक्टिकल बिहेवियर थेरपी, म्हणजे डीबीटी, ही तीव्र भावना सांभाळायला शिकवणारी उपचारपद्धत शिकवायला घेतली. अमेरिकेतल्या मानसशास्त्रज्ञ मार्शा लिनेहान यांनी ती उभी केली, सतत आत्महत्येचे विचार येणाऱ्या माणसांसाठी. २०११ मध्ये त्यांनी जाहीरपणे सांगितलं की १७ व्या वर्षी त्या स्वतः मनोरुग्णालयात दाखल होत्या. हे कळलं त्या दिवशी मी रिक्षात घर येईपर्यंत रडले, पण ते रडणं सुटल्यासारखं होतं.

लिनेहान यांचं म्हणणं असं की काही माणसांची भावना मुळातच लवकर पेटते, जोरात पेटते आणि विझायला वेळ घेते. त्यात घरचे "तुला असं वाटूच कसं शकतं" म्हणत राहिले की ते आणखी चिघळतं. माझ्यासाठी 'विझायला वेळ' हे फार मोठं होतं. भांडणानंतर नवरा दहा मिनिटांत चहा टाकतो, मला संध्याकाळ होते. त्याला वाटायचं मी मुद्दाम ताणतेय. आता तो चहाचा कप माझ्याजवळ ठेवतो आणि आपल्या कामाला लागतो.

एक गोष्ट मी अजून करते. पातेल्यात गार पाणी आणि बर्फ घ्यायचा, श्वास रोखून डोळे-गाल बुडतील असा चेहरा त्यात धरायचा, वीसेक सेकंद. पाण्यात बुडी मारताना शरीर हृदयाचे ठोके आपोआप मंद करतं, तेच इथे होतं. पहिल्यांदा केलं तेव्हा ओट्यापाशी उभी होते, हनुवटीवरून पाणी गाऊनवर ठिबकत होतं. ज्या मेसेजला सणसणीत उत्तर द्यायचं होतं तो पाठ होता, पण हात फोनकडे जात नव्हता. हृदयाचा त्रास असेल तर मात्र डॉक्टरांना विचारल्याशिवाय करू नका.
– सिंहगड रस्ता, वय ३४

*

लोक मला तापट म्हणतात. बायकोच्या शस्त्रक्रियेच्या दिवशी रुग्णालयातल्या काउंटरवरच्या मुलीवर मी इतका ओरडलो की तिचे हात थरथरायला लागले. घरी आल्यावर मुलगी म्हणाली, "बाबा, तुम्ही घाबरला होतात." अडुसष्ट वर्षांत मला हे कुणी सांगितलं नव्हतं. आता आवाज चढायला लागला की मी मनात विचारतो, राग आहे की भीती? बहुतेक वेळा भीतीच असते. दुसऱ्या दिवशी जाऊन त्या मुलीची माफी मागितली.
– सदाशिव पेठ

*

वरचं सगळं पटतं, पण एक बाजू राहते. समजून घेणं आणि सोसणं यांत मी सात वर्षं गल्लत केली. नवऱ्याचं डोकं फिरलं की डबा भिंतीवर, तासाभरानं माझ्यासमोर बसून रडणं. ते रडणं खोटं नव्हतं. पण आमचा सहा वर्षांचा मुलगा दारात किल्लीचा आवाज आला की टीव्ही बंद करून आतल्या खोलीत जायला लागला. त्या आठवड्यात मी त्याला घेऊन सासवडला आईकडे गेले.

परतले ती अट घालून. आवाज चढला की मी मुलाला घेऊन खाली सोसायटीच्या बागेत जाणार. जाताना "अर्ध्या तासानं येते" एवढं सांगायचं आणि बरोब्बर अर्ध्या तासानं यायचं. न सांगता गेले तर नवऱ्याला टाकून गेल्यासारखं वाटतं आणि तो जास्त बिथरतो. तो आता उपचार घेतोय. डबा दीड वर्षात उडालेला नाही.

हात उठत असेल तर बायांनो, बागेत जाऊन भागणार नाही. आधी तिथून निघा. १८१ ही महिलांसाठीची हेल्पलाइन आहे.
– हडपसर

*

माझं सत्तेचाळिसाव्या वर्षी अचानक सुरू झालं. भाजी करपली तरी रडू. पाळी अनियमित झाली होती, तिचा संबंध स्त्रीरोगतज्ज्ञांनी जोडून दाखवला. तोवर मी स्वतःला नुसती दोष देत होते.
– औंध

*

मुलगी सोळा वर्षांची. कडी लावून घेते. मी आधी दार बडवायचे. माझी आजी आळंदीला नेताना सांगायची, लोकांच्या बोलण्यानं दुखावून ज्ञानेश्वर ताटी लावून बसले, तेव्हा मुक्ताबाई बाहेर थांबून विनवत राहिली. ते एकदा आठवलं. आता मी दाराबाहेर फरशीवर मेथी निवडत बसते. "मी इथंच आहे गं" एवढं एकदा म्हणते, मग गप्प. वीस-पंचवीस मिनिटांनी कडी निघाल्याचा आवाज येतो. ती बाहेर येत नाही, दार नुसतं लोटलेलं ठेवते.

मार्चमध्ये तिच्या मनगटावर ओरखडे दिसले. तेव्हा मेथीवर विसंबले नाही. रात्री १४४१६ ला फोन केला, ती टेलिमानस, मानसिक आरोग्याची सरकारी हेल्पलाइन, फुकट आहे आणि मराठीत बोलतात. दुसऱ्या दिवशी मानसोपचारतज्ज्ञांकडे गेलो.
– वारजे

*

सगळं वाचलं, काही दोनदा. आज बहिणीला मेसेज केला, "त्या तुला न सांगता गेल्या, वाईट वाटणारच. मी तुला गप्प करायला नको होतं." पाऊण तासानं तिचा फोन आला. ती रडली, मी घड्याळाकडे न बघता ऐकत राहिले. मग तिनंच विचारलं, "तू जेवलीस का?"
– कर्वेनगर