ह्यूमन फॉल फ्लॅट : लटकून राहतो, वर येत नाही

भाऊ, ह्यूमन फॉल फ्लॅट या कॉम्प्युटर गेमबद्दल तू म्हणून राहिला ना की चढताना कठड्याला हात चिकटतात पण गडी वर येतच नाही, नुसता लटकून राहतो, तर ते जोराचं काम नाहीच, सगळा खेळ कॅमेऱ्याचा हाय. या गेममध्ये जिकडं नजर, म्हणजे कॅमेरा, तिकडं हात जातात. म्हणून उडी मारताना वर पाहायचं, माऊसची दोन्ही बटनं दाबून कठडा धरायचा, अन धरला की बटनं अजिबात न सोडता माऊस खाली ओढायचा आणि कीबोर्डवरची पुढं जायची की दाबून ठेवायची. हात खाली दाबले जातात अन धड आपोआप वर येते. बहुतेक लोक इथंच घाईत बटन सोडतात बे!

जड दार ढकलायचं तर बिजागरीपासून जितकं लांब धरशील तितकं हलकं जाते, शाळेतलाच टॉर्क, म्हणजे फिरवणारा जोर. किल्ल्याच्या लेव्हलमधल्या कॅटापल्टमध्ये, म्हणजे दगड फेकायच्या यंत्रात, स्वतःच बसून उडता येते, मजा येते. आणि पडायला भिऊ नको, लाइफ-बिइफ काही नाही, खाली गेला की शेवटच्या चेकपॉइंटवर, म्हणजे गेमनं जिथवरची प्रगती धरून ठेवली तिथं, आभाळातून टपकतो. नागपूरच्या उन्हात दुपारी कूलरसमोर बसून खेळायला यापेक्षा भारी काही नाही. एकट्यानं होत नसलं तर ऑनलाइन दोस्ताला घे, एकानं लिव्हर धरायचा अन दुसऱ्यानं पळायचं.