मदत हवी आहे: काळशास्त्र्याची चूक पकडायची कशी?

ठाण्यात राहतो, कल्पनारम्य कादंबरी लिहितोय. नायक काळशास्त्री. त्याच्या जगात सूर्य-तारे नाहीत, नुसतं घटिकापात्र. बुडाला भोक असलेलं तांब्याचं भांडं पाण्यात बुडलं की एक घटका, म्हणजे आपली 24 मिनिटं; अशा 60 घटकांचा दिवस. म्हातारपणी गडी जाहीर करतो, की थंडीत काळच मंदावतो! खरं तर गार पाण्याचा चिकटपणा वाढतो, बारीक भोकातून ते सावकाश शिरतं. (घरची वाटी भोसकून बादलीत बघितलं. आई अजून धड बोलत नाहीये.)

अडलंय इथे: त्याच्या शिष्येने ही चूक पकडावी कशी? लंबक नको, फार पुढचा वाटतो. वाळूचं घड्याळ चालेल का? तलावपाळीला कुणी भेटलात तर चहा माझ्याकडून.