मोठी फाइल उतरवायची आहे: टॉरंट की फाइल होस्टिंग?

प्रश्न
डेबियन या फुकटच्या ऑपरेटिंग सिस्टिमची साडेचार जीबीची आयएसओ (इन्स्टॉल करायची डिस्क-फाइल) कुणीतरी एका फाइल होस्टिंग साइटवर टाकली होती, तिथून उतरवत होतो. 93 टक्क्यांवर नेट गेलं. पुन्हा सुरू केलं तर शून्यापासून! फुकटच्या खात्याला रिझ्यूम (थांबलं तिथून पुढे चालू) नाही म्हणे. सलग दोन रात्री हेच झालं. अर्धवट फाइल अजून फोल्डरमध्ये पडून आहे. टॉरंट बेकायदा असतं असं ऐकलंय, म्हणून कधी हात लावला नाही. काय करू?

उत्तर 1
टॉरंट ही एकमेकांच्या मशीनवरून फाइल उतरवायची नुसती पद्धत आहे. कायद्याचा प्रश्न येतो तो आपण काय उतरवतो त्यावरून. डेबियन स्वतःच्याच साइटवर टॉरंट देतं, तेच घ्या.

उत्तर 2
ती अर्धवट फाइल अजिबात पुसू नका!

टॉरंटमध्ये फाइलचे छोटे छोटे तुकडे केलेले असतात आणि प्रत्येक तुकड्याचा हॅश (त्यातल्या माहितीवरून काढलेला ठसा) टॉरंट फाइलमध्येच नोंदवलेला असतो. तुकडा कुठून आला याच्याशी क्लायंटला (टॉरंट चालवणाऱ्या प्रोग्रॅमला) देणंघेणं नाही, हॅश जुळला की झालं. म्हणून त्याच आवृत्तीचं टॉरंट घ्या, ते थांबवलेल्या स्थितीत जोडा. अर्धवट फाइलचं नाव बदलून हुबेहूब टॉरंटमधल्या फाइलसारखं करा (शेवटचं .पार्ट किंवा .सीआरडाउनलोड काढायचं) आणि सेव्ह फोल्डरमध्ये ठेवा. मग क्यूबिटटॉरंट या क्लायंटमध्ये 'फोर्स रीचेक' (आहे ती फाइल पुन्हा तपासणं). फाइल खरंच तीच असेल तर चांगले तुकडे तो ठेवून घेईल, उरलेलेच आणेल.

मी हे कळकळीने सांगतोय, कारण एक जुना ध्वनिमुद्रणांचा संग्रह माझ्याकडे 99.6 टक्क्यांवर अकरा दिवस अडकला होता. सीडर (पूर्ण फाइल ठेवून ती इतरांना देणारा) एकही नाही. बाराव्या रात्री कुणीतरी मशीन चालू केलं आणि पाच मिनिटांत शेवटचे तुकडे आले. कोण होतं, कधीच कळणार नाही. तेव्हापासून तो संग्रह मी सीड करतोय.

एक लक्षात असू द्या: टॉरंटमध्ये तुम्ही घेता घेता देतही असता, आणि तुमचा आयपी (नेटवरचा पत्ता) बाकीच्यांना दिसतो. त्यामुळे कॉपीराइट असलेलं काही उतरवलंत तर ते इतरांना वाटप केल्यासारखंही होतं.

उत्तर 3
होस्टिंगला अगदीच मोडीत काढू नका. एखाद्यालाच फोल्डर पाठवायचं असेल तर लिंक बरी, समोरच्याला काही इन्स्टॉल करावं लागत नाही आणि आपलं मशीन बंद असलं तरी चालतं. पण एकमेव प्रत तिथे ठेवू नका. मेगाअपलोड ही होस्टिंग साइट होती, ती जानेवारी 2012 मध्ये बंद पाडली गेली तेव्हा लोकांच्या स्वतःच्या फायलीही अडकल्या. रॅपिडशेअर ही तशीच साइट मार्च 2015 अखेर बंद झाली.

प्रश्नकर्ता
रीचेक 92.8 वर थांबला! उरलेलं सहा मिनिटांत आलं. एसएचए256 (पूर्ण फाइलचा हॅश) डेबियनच्या यादीशी अक्षर न् अक्षर ताडून पाहिला, जुळला. दोन रात्रींचं डाउनलोड वाया गेलं नाही. मनापासून आभार. आज मशीन बंद करत नाही, सीडिंग चालू ठेवलंय.