गिरणगावावरील वृत्तात जुने चित्रण कसे वापरावे?

प्रश्न: गिरणी कामगारांच्या घरांवरील विशेष वृत्तात १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपाची पार्श्वभूमी जुन्या चित्रणातून मांडायची आहे. कोणती काळजी घ्यावी?

प्रतिसाद १: फिल्म्स डिव्हिजनचा संग्रह अवश्य पाहा, मात्र १९४८ साली स्थापन झालेली आणि २०२२ मध्ये एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळात विलीन झालेली ही संस्था सरकारी होती, त्यामुळे तिच्या वार्तापटांतील निवेदन ही शासनाची बाजू आहे, हे प्रेक्षकांना स्पष्टपणे सांगायला हवे.

प्रतिसाद २: सहमत. चित्रणाचे वर्ष आणि स्थळ पडद्यावर पूर्ण वेळ दिसावे, कारण संपाचा म्हणून भलत्याच वर्षीचा मोर्चा दाखवणे हा त्या कामगारांवर अन्याय आहे. चौकट थांबवून फाटकावरचे गिरणीचे नाव, दुकानांच्या पाट्या, भिंतीवरची सिनेमाची पोस्टरे वाचावीत. तारीख पडताळायला त्यांचाच आधार मिळतो. मूळ आवाजावर संगीत तर मुळीच चढवू नये.

प्रश्नकर्ता: संपाच्या दृश्यांनंतर थेट आजचे टॉवर दाखवले तर?

प्रतिसाद १: कृपया तसे करू नका. मुंबईच्या १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीतील, गिरण्यांच्या जमिनींच्या पुनर्विकासाबाबतचा नियम ५८ आणि २००१ मध्ये त्यात झालेला बदल समजावून सांगितल्याशिवाय, संपामुळेच जमिनी गेल्या असा चुकीचा समज होईल.