अहिराणी विनोदी ॲनिमेशनपट : लेखक-दिग्दर्शक व्हायचं तर सुरुवात कुठून?

चोपडेकर :
बारावी कला झाली. अहिराणीत विनोदी प्रसंग लिहितो, चित्रं बरी काढतो. पुढे ॲनिमेशनपट लिहायचे आणि दिग्दर्शित करायचे आहेत. त्यासाठी जळगावात थ्रीडीचा कोर्स लावू का? आणि तीन मिनिटांची फिल्म घरच्या लॅपटॉपवर होईल का?

तापीकाठ :
होईल, पण आधी हिशेब बघा. सेकंदाला २४ फ्रेम. एक चित्र दोन फ्रेम धरलं तरी मिनिटाला ७२० चित्रं, तीन मिनिटांना २१६०. एकटा माणूस मध्येच सोडतो. ४० सेकंदांचा एकच प्रसंग घ्या : दोन पात्रं, एसटी स्टँडवरचा एक बाक. ४८० चित्रांत काम होतं.

कोर्सचं म्हणाल तर तिथे मुख्यतः सॉफ्टवेअर शिकवतात, प्रसंग रचायला नाही. दिग्दर्शक बरेचदा कथा आणि स्टोरीबोर्डच्या (प्रसंग चौकटी-चौकटीने कच्चा काढण्याच्या) कामातून वर येतात. अँड्र्यू स्टँटन १९९० मध्ये पिक्सार या अमेरिकी ॲनिमेशन स्टुडिओत ॲनिमेटर म्हणून गेले, १९९५ च्या 'टॉय स्टोरी'च्या लेखकांत होते, १९९८ च्या 'अ बग्ज लाइफ'चे सहदिग्दर्शक झाले आणि २००३ मध्ये 'फाइंडिंग नीमो' दिग्दर्शित केला. शिकायचंच असेल तर अहमदाबादच्या एनआयडीत (नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ डिझाइन) बी. डेस. या डिझाइनच्या पदवीला ॲनिमेशन आहे. बारावीची कुठलीही शाखा चालते. प्रवेशाची डॅट परीक्षा दोन टप्प्यांत होते.

स्टोरीबोर्डवाला :
भो, कामाचा क्रम चुकला की विनोद मेला. आधी चित्रं करून मागून आवाज चिकटवू नका. बोलणाऱ्याला चित्राच्या मागे धावावं लागतं आणि वाक्याचा ठेका जातो. संहिता, मग आवाज, मग त्या आवाजावर स्टोरीबोर्डची कच्ची चित्रं लावून ॲनिमॅटिक, आणि ते पास झाल्यावरच ॲनिमेशन. ४० सेकंदांना २५-३० चौकटी पुरतात. चित्रं आणि ॲनिमेशनसाठी क्रिता आणि ब्लेंडर ही सॉफ्टवेअर, दोन्ही फुकट आहेत.

ॲनिमॅटिक दाखवा ते संहिता न वाचलेल्या माणसाला. कुठे हसला ते लिहून ठेवा, समजावून सांगू नका. तिथे जो विनोद पडतो तो रंग भरून उठत नाही.

सगळ्यात जास्त घोळ थांब्यात होतो. टोला बसल्यावर ऐकणाऱ्याचा चेहरा १६ ते २० फ्रेम तसाच धरा, मग पापणी हलवा. सहा फ्रेमवर कट मारला तर पुढचं वाक्य हसण्यावर येऊन पडतं.

आपल्या अहिराणीचा एक धोका आहे. गंमत सगळी तोंडात असते, म्हणून फिल्मचा रेडिओ होतो. आवाज बंद करून बघा. कोण कोणाला फसवतंय एवढं तरी कळलं पाहिजे. नाही कळलं तर पात्राच्या हाताला काम द्या : पिशवी, डबा, छत्री, काहीही.

चोपडेकर :
आवाज मोबाइलवर घेतला तर चालेल?

गिरणाकाठ :
चालेल. मोबाइल तोंडापासून एक वीतभर, जरा बाजूला. समोर धरला तर प, फ, भ ला फुसकारा येतो. भिंतींवर गोधड्या टांगा. पंखा आणि कूलर बंद, त्यामुळे मे महिन्यात पहाटेच उरका. जमलं तर ४८ किलोहर्ट्झ वेव्ह फाइल घ्या. प्रत्येक वाक्य तीन तऱ्हांनी बोलून घ्या. दोघं समोरासमोर असतील तर सवाल-जवाबाचा जोर खरा येतो, मात्र एकाच्या बोलण्यावर दुसरा चढला की ते वाक्य वेगळं घ्या, नाहीतर कापता येत नाही.

ओठांचं लक्षात ठेवा : प, ब, भ, म ला तोंड किमान दोन फ्रेम मिटलेलं हवं, आणि तोंडाचा आकार आवाजाच्या एक-दोन फ्रेम आधी बदला. नेमका आवाजावर ठेवला तर डोळ्याला उशिरा वाटतो.

तापीकाठ :
एक राहिलं. संहिता कोणा निर्मात्याला पाठवण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचे सभासद होऊन तिची ऑनलाइन नोंदणी करा. आणि पाठवताना नुसती पानं नको, सोबत ॲनिमॅटिकची लिंक द्या.