मुरमाड बांधावर तरवड लावावा का?

माळावरचा
सांगोला तालुक्यात आमची थोडी जमीन असून तिच्यातील माळाला लागून असलेला तुकडा जवळजवळ निव्वळ मुरमाचा आहे. वीतभर मातीखाली मुरूम लागतो आणि पाऊस वर्षाला पाचशे मिलिमीटरच्या आसपास, तोही बराचसा परतीचा. या तुकड्याच्या कडेने दोनशे फूट लांबीचे झुडपांचे कुंपण करण्याचा दोन वर्षे प्रयत्न केला. पण नर्सरीतून आणलेली जास्वंद शेळ्यांनी संपवली आणि डुरांटा मे महिन्यात वाळून गेला. याच काळात पलीकडच्या माळावर तरवड मात्र कोणी पाणी न घालता पिवळाधमक फुललेला होता. तेव्हा तोच लावावा असे वाटू लागले आहे. माळावरून रोपे उपटून आणली तर जगतील का? हे शेंगवर्गीय झाड असल्याने जमिनीत नत्र वाढेल का? शिवाय पुढे मधाच्या पेट्या ठेवण्याचा विचार आहे, त्यांना या फुलांचा उपयोग होईल का? वडिलांचे म्हणणे असे, की माळावर आपसूक येणारे झुडूप मुद्दाम कोणी लावत नसते.

बांधकरी
रोपे उपटून आणू नका. तरवडाचे सोटमूळ लहानपणीच खोल जाते, आणि गुडघाभर उंचीचे रोप उपटले की ते मूळ तुटल्यावाचून राहत नाही. मी स्वतः अशी चाळीसेक रोपे लावून त्यांतली तीन जगवली आहेत, आणि तीही पुढे कधी धड वाढली नाहीत. बी जागेवरच टोकावे. तपकिरी पडलेल्या, कागदासारख्या चपट्या शेंगा झाडावरून काढून ठेवाव्यात. बियांचे कवच फार टणक असते, म्हणून उकळून खाली उतरवलेल्या पाण्यात त्या टाकून रात्रभर तशाच राहू द्याव्यात आणि सकाळी ज्या फुगलेल्या दिसतील त्या लगेच लावाव्यात. न फुगलेल्या बियांना पुन्हा एकदा गरम पाणी द्यावे किंवा वाळूवर घासून घ्यावे. दोन ओळी, ओळींत आणि झाडांत दीड-दोन फुटांचे अंतर, आणि दुसऱ्या ओळीतले झाड पहिलीतल्या फटीसमोर येईल असे टोकल्यास कुंपण दाट होते.

एक गोष्ट आधीच सांगून ठेवतो. तरवडाला काटा नसतो. गुरे आणि शेळ्या त्याला सहसा तोंड लावत नाहीत, म्हणून तो उजाड माळावर टिकतो. पण जनावर आत शिरायचे म्हटले तर तो त्याला अडवू शकत नाही. पहिली दोन वर्षे बाहेरच्या बाजूने बाभळीचे काटे लावावेच लागतील.

पानफूल
नत्राबद्दलचा समज बऱ्याच जणांचा असतो, परंतु तो इथे लागू पडत नाही. तरवड शेंगवर्गीय असला, तरी तो ज्या ‘सेना’ (Senna) या वनस्पती-प्रजातीत मोडतो तिच्या मुळांवर तूर-हरभऱ्याप्रमाणे गाठी येत नाहीत. त्यामुळे हवेतील नत्र तो जमिनीत बांधू शकत नाही. पाला कुजून जे खत मिळेल तेवढाच लाभ धरावा.

मधाच्या बाबतीतही अपेक्षा बेताचीच ठेवावी, कारण या फुलांत मधुरस नसतो. फुलाकडे येणाऱ्या कीटकाला फक्त पराग मिळतो आणि तोही सहजासहजी नाही: पुंकेसरांच्या परागकोशांना टोकाशी बारीक छिद्रे असतात व मोठा काळा भुंगा फुलाला धरून अंग थरथरवतो तेव्हा त्यांतून पराग उडतो. सकाळी झुडपाजवळ उभे राहिल्यास त्या वेळचा बदललेला गुणगुणाट स्पष्ट ऐकू येतो, आणि तो एकदा तरी ऐकावा. पाळीव मधमाशीला ही थरथर साधत नाही. ती सांडलेला पराग गोळा करते. मधासाठी बोर, करंज, कडुनिंब अशी झाडे जवळपास हवीत. फिकट पिवळसर-पांढऱ्या फुलपाखरांच्या हिरव्या अळ्या पाने खातील, त्यांच्यावर मात्र औषध मारू नये. झाड पुन्हा फुटते.

बी गोळा करताना टाकळ्याशी घोटाळा होऊ देऊ नका. टाकळा पावसाळी रोपटे आहे आणि त्याच्या शेंगा बारीक व लांबट असतात. तरवडाच्या पानाच्या देठाशी कानाच्या पाळीसारखी दोन मोठी उपपर्णे असतात. त्याच्या शास्त्रीय नावातील ‘ऑरिक्युलाटा’ या शब्दाचा अर्थही ‘कान असलेली’ असाच आहे.

चाटी गल्ली
वडिलांच्या आक्षेपावर थोडेसे. आमच्या सोलापुरात नवरात्रात घटावर तरवडाच्या फुलांची माळ चढते, आणि त्याच दिवसांत पूर्वभागातील तेलुगू पद्मशाली घरांतून बतुकम्मा, म्हणजे देवी म्हणून पुजली जाणारी फुलांची थरांची रास, रचली जाते, तिच्यातही ही फुले असतात. तेलुगूत याला तंगेडू म्हणतात आणि ते तेलंगणाचे राज्यफूल आहे. पूर्वी याच्या सालीला कातडी कमावण्यासाठी मोठी मागणी असे. साल काढण्याकरिता झुडूप बुडाशी तोडले तरी ते पुन्हा जोमाने फुटत असे. ज्याच्यावर एक धंदा चालला, ते झुडूप बांधावर मुद्दाम लावण्यात कमीपणा मानायचे कारण मला तरी दिसत नाही. आजकाल घटस्थापनेच्या आदल्या दिवशी शहरात ही फुले विकत घ्यावी लागतात, हेही वडिलांच्या कानावर घालावे.

माळावरचा
सर्वांचे आभार. रोपे उपटण्याचा बेत रद्द केला आहे आणि पेट्यांचा विचार बोरीच्या बाजूला हलवतो. बी टोकण्यासाठी जूनचा पहिला पाऊस धरावा, की आमच्याकडचा भरवशाचा पाऊस परतीचा असल्याने सप्टेंबरपर्यंत थांबावे? आणि छाटणी कधी करावी?

बांधकरी
जूनमध्येच टोका. सप्टेंबरात उगवलेल्या रोपाला मूळ खोल नेण्याआधीच उन्हाळा गाठतो. जुलैत ताण पडला तर आठवड्याला तांब्याभर पाणी पुरे, आणि पुढच्या वर्षापासून तेही बंद करावे, कारण सतत ओल मिळालेला तरवड नुसता पाल्याने माजतो. छाटणी शेंगा वाळल्यावर, वळवाच्या आधी, कमरेइतक्या उंचीवर करावी. पहिल्या वर्षी कोयता लावू नये.