शिआनमध्ये एकच दिवस: खासगी गाईड घ्यावा का, आणि दिवस कसा लावावा?

सांजवेळ

नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात बीजिंगहून रेल्वेने रात्री शिआनला पोचतो. मधे एक पूर्ण दिवस आणि त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी शांघायचं विमान. आम्ही चौघं आहोत. आईबाबा साठीच्या पुढचे, चालतात व्यवस्थित, पण गर्दीत तासन्‌तास उभं राहणं जमत नाही. म्हणून इंग्रजी बोलणारा गाईड आणि गाडी असा खासगी दिवस घ्यायचा विचार आहे.

दोन ठिकाणांहून दर आलेत. एकाचा दुसऱ्याच्या जवळजवळ निम्मा. स्वस्त दरवाल्याच्या कार्यक्रमात चीनच्या पहिल्या सम्राटाच्या थडग्याजवळ सापडलेल्या मातीच्या सैनिकांबरोबर 'टेराकोटा वर्कशॉप', 'जेड प्रदर्शन', ह्वाछिंग राजवाडा, तटबंदी, दायान पॅगोडा आणि मुस्लिम गल्ली, एवढं सगळं एका दिवसात आहे. हे खरंच होतं का? दरात काय काय धरलेलं असायला हवं? आणि आई शाकाहारी आहे, कांदा-लसूणही खात नाही. बाबा मांसाहार करतात पण गोमांस नाही. जेवणाचं काय?

देवगिरी

स्वस्त दराचं कारण तुमच्याच प्रश्नात आहे. 'वर्कशॉप' आणि 'जेड प्रदर्शन' ही दुकानं आहेत. तिथल्या विक्रीवर गाईडला आणि ड्रायव्हरला कमिशन मिळतं, आणि दिवसाचा कमी पडलेला पैसा तिथून भरून निघतो. प्रत्येक दुकानात पाऊण ते एक तास जातो, तोही सकाळचा, म्हणजे सैनिकांसमोर गर्दी कमी असते नेमका तेव्हाचा. १ ऑक्टोबर २०१३पासून लागू असलेल्या चीनच्या पर्यटन कायद्यातलं ३५वं कलम याचबद्दल आहे: अवास्तव कमी दराची सहल विकून दुकानांतून पैसा काढायचा नाही, आणि प्रवाशाशी आधी ठरवल्याशिवाय ठरावीक दुकानात न्यायचं नाही. तरी हे चालतं, कारण कार्यक्रमात ते 'प्रदर्शन' म्हणून लिहिलेलं असतं आणि आपण ते मान्य केलेलं असतं.

म्हणून महागड्या दरवाल्यालाही जसंच्या तसं हो म्हणू नका. पैसे भरायच्या आधी त्याच्याकडून हे लेखी घ्या: गाईडची फी, गाडी (पार्किंग, टोल, ड्रायव्हरचं जेवण धरून), तिकिटं आणि आपलं जेवण, या चार रकमा वेगवेगळ्या. किती तास, आणि ते कधीपासून मोजायचे, हॉटेलातून निघाल्यापासून की स्थळी पोचल्यापासून. जादा तासाचा दर. एकही दुकान नाही. गाईडकडे परवाना आहे का, कारण परवानाधारक गाईडकडे मोबाइलवर क्यूआर कोड असलेलं ओळखपत्र असतं आणि ते दाखवायला कोणी का कू करत नाही. शेवटचं म्हणजे गाईड आणि ड्रायव्हर दोन वेगळी माणसं आहेत ना. 'इंग्रजी बोलणारा ड्रायव्हर' वेगळा आणि गाईड वेगळा. ड्रायव्हर तुम्हाला फाटकाशी सोडून गाडीत बसतो, आत येत नाही.

सैनिकांच्या संग्रहालयाचं तिकीट १२० युआन आहे आणि ते पासपोर्ट नंबरवरच निघतं. नाव आणि नंबर पासपोर्टावर आहे तसाच पाठवा. एक अक्षर चुकलं तर फाटकावर अडतं, आणि चौघांपैकी एकाचं अडलं की चौघंही थांबतात. त्या दिवशी मूळ पासपोर्ट बरोबर लागतो, फोटो किंवा झेरॉक्स चालत नाही.

कृष्णाकाठ

सात ठिकाणं एका दिवसात होत नाहीत. मी तीनच धरेन: मातीचं सैन्य, संध्याकाळी तटबंदी, आणि मधे किंवा शेवटी एक तिसरं. ह्वाछिंग राजवाडा सरळ काढून टाका. तांग काळातल्या सम्राटाची लाडकी यांग ग्वेफेई आणि १२ डिसेंबर १९३६ला तिथे चीनचा तेव्हाचा सत्ताधीश चिआंग काय-शेक याला त्याच्याच सेनापतींनी धरलं ती घटना, या दोन्हींमुळे जागा महत्त्वाची आहे. पण आज दिसतं ते बरंचसं नव्याने बांधलेलं आहे, आणि दीड-दोन तास खातं.

संग्रहालय शहराच्या पूर्वेला लिंतोंगमध्ये आहे, साधारण ४० किलोमीटरवर. मोकळ्या रस्त्याने तास लागतो, कामावर जायच्या गर्दीत दीड. फाटक साडेआठला उघडतं, म्हणून हॉटेल सव्वासातला सोडा. गाईड नऊची वेळ सुचवेल, ऐकू नका. दहानंतर मोठ्या बसगाड्या आल्या की पहिल्या खड्ड्याच्या (सैनिक जिथे खणून काढले त्या तीन जागांना खड्डे म्हणतात) कठड्याशी चार-पाच रांगा उभ्या राहतात आणि आईबाबांना माणसांच्या पाठीच दिसतील.

खड्ड्यांचा क्रम याच हिशेबाने लावायचा. साडेआठला आत असाल तर थेट खड्डा १. शेतकऱ्यांना विहीर खणताना १९७४च्या मार्चमध्ये सापडला तो हाच. २३० मीटर लांब, ६२ मीटर रुंद, आणि सहा हजारांच्या आसपास सैनिक व घोडे असावेत असा अंदाज. समोरून पाहून मागे वळू नका. दोन्ही बाजूंच्या मार्गिकांनी मागच्या टोकापर्यंत जा, तिथे तुकडे जोडून उभे केले जात असलेले पुतळे दिसतात, आणि सगळे सैनिक जमिनीतून अख्खे निघाले हा समज तिथेच जातो. जवळजवळ सगळे फुटलेले निघाले. वरचं लाकडी छत जळून कोसळलं, मातीखाली सगळं चिरडलं गेलं. पोचायला उशीर झाला तर मात्र उलटं करा: आधी खड्डा ३, मग २, आणि १ जेवणाच्या वेळेला, जेव्हा गट बाहेर पडतात.

खड्डा ३ लहान आहे, सैन्याचं मुख्यालय, ६८ पुतळे. वीस मिनिटं पुरतात. खड्डा २ बराचसा अजून खणलेलाच नाही, छताच्या ओंडक्यांचे उठाव मातीत दिसतात. लोक 'इथे काही नाही' म्हणून निघून जातात. पण याच इमारतीत गुडघा टेकलेला धनुर्धारी, सेनापती, घोड्याशेजारी उभा स्वार काचेच्या पेट्यांत अगदी हाताच्या अंतरावर आहेत. केसांचा पीळ, चिलखताच्या पट्ट्या, बुटाच्या तळव्याची शिवण, सगळं दिसतं. रंग का नाहीत हे गाईडला तिथेच विचारा. लाखेच्या थरावर रंग दिलेला होता. दोन हजार वर्षं ओल्या मातीत राहिलेली ती लाख हवेत येताच सुकते, आक्रसते आणि काही मिनिटांत पापुद्रे सुटतात. उरलेले सैनिक घाईने बाहेर न काढण्याचं हे एक मोठं कारण आहे.

खड्डा १ मध्ये आवाज फार घुमतो, आजूबाजूचे गाईड स्पीकर लावून बोलतात. कानात घालायचे वायरलेस इयरपीस आणायला आधीच सांगा, नाहीतर निम्मं ऐकूच येत नाही.

तिन्ही खड्डे अडीच तास. त्यानंतर त्याच तिकिटात लिशान उद्यान आहे, मोफत बस जाते. पहिला सम्राट छिन शिहुआंग याच्या थडग्याचा ढिगारा तिथे आहे, आणि त्याच्याजवळ डिसेंबर १९८०मध्ये सापडलेले काशाचे दोन रथ आता तिथल्याच भूमिगत संग्रहालयात आहेत. खऱ्याच्या निम्म्या आकाराचे, प्रत्येकात तीन हजारांहून जास्त सुटे भाग. एका दिवसाच्या बहुतेक सहली हे गाळतात, कारण दीड तास जातो. माझ्या मते सगळ्या परिसरात कारागिरी म्हणून याला तोड नाही, आणि हे लेखी कार्यक्रमात घालून घ्या. थडगं मात्र उघडलेलं नाही. 'भूमिगत राजवाडा दाखवतो' असं कोणी म्हणालं तर ती नक्कल असते.

माधुकरी

जेवणाबद्दल. बाबांचं आधी सांगते, कारण तिथे गफलत होते. शिआनचं प्रसिद्ध रोउजियामो, म्हणजे भाजलेल्या जाड भाकरीत चिरलेलं मांस, शहरात सर्वसाधारणपणे डुकराचं असतं. मुस्लिम गल्लीत डुक्कर नसतं, तिथे ते बहुधा गोमांसाचं असतं. तिथलंच न्याहारीचं हूलाथांग हे घट्ट सूपही गोमांसाच्या गोळ्यांचं. बाबांनी त्या गल्लीत मेंढीच्या मांसावरच थांबावं: यांगरोउ पाओमो, ज्यात कडक भाकरी आपणच चण्याच्या दाण्याएवढी कुस्करायची आणि मग ते वाडगं परत स्वयंपाकघरात जातं. 'यांगरोउ' मेंढी, 'न्यूरोउ' गाय, हे दोन शब्द पाठ असू द्यात. एकच दुकान दोन्ही पाओमो विकतं.

आईंसाठी नुसतं 'मांस नको' पुरत नाही. भाजीत कोंबडीच्या अर्काची पूड सर्रास घालतात, नूडल्सना हाडांचं पाणी असतं, आणि 'थोडासा खिमा' याला मांस मानत नाहीत. गाईडकडून चिनीत एक कार्ड लिहून घ्या: मांस, मासे, अंडी (खात नसतील तर), हाडांचं सूप, चरबी, कोंबडीची पूड, कांदा, पात, लसूण नको. 'बौद्ध भिक्षूंसारखं शाकाहारी' हा शब्दप्रयोग त्यात हवाच. चिनी बौद्ध आहारात कांदा-लसूण वर्ज्य असतो, त्यामुळे हे एक वाक्य स्वयंपाक्याला लगेच कळतं, लांब यादी कळत नाही. दुपारचं जेवण बौद्ध शाकाहारी खानावळीत आधी ठरवायला सांगा. संग्रहालयाच्या बाहेरची जेवणाची ठिकाणं गटांसाठी असतात, तिथे आईंचे हाल होतील. लिंतोंगहून परत येऊन दोनला जेवायचं असेल तर बरोबर खाकरे, दशम्या, सुका मेवा ठेवाच.

गल्लीत आईंना चालेल असं: झंगगाव, म्हणजे चिकट तांदूळ, लाल खजुरासारखं फळ आणि राजमा वाफवून केलेला गोड थर. लिंतोंगच्या पर्सिमन या नारिंगी फळाची तळलेली गोड पुरी, ही आतलं सारण विचारून घ्या. आंबट-गोड आलुबुखाराचं सरबत. लियांगपी या थंड नूडल्स एरवी शाकाहारी, पण लसणाचं पाणी वरून घालतात, ते आधी थांबवावं लागतं. आणि शरद ऋतूत लिंतोंगची डाळिंबं मिळतात, ती कुठलाही प्रश्न न विचारता खा.

झुळूक

वेगळं मत मांडतो. गाईड पूर्ण दिवस लागत नाही. जिथे समजावून सांगायची गरज आहे ते खड्डे आणि रथ. तटबंदी आणि गल्लीला नकाशा पुरतो. अर्ध्या दिवसाचा गाईड आणि गाडी घ्या, दोन वाजता शहराच्या मध्यावरच्या बेल टॉवरपाशी सोडायला सांगा. मुस्लिम गल्लीत गाडी जातच नाही, आणि तिथे पार्किंग शोधण्यात तुमचेच पैशाचे तास जातात.

तटबंदी मिंग काळातली, १३७०च्या दशकातली. घेर १३.७४ किलोमीटर, उंची १२ मीटर. दक्षिण दरवाजा योंगनिंगमन इथून चढा, तिकीट ५४ युआन, वर भाड्याने सायकली मिळतात. वरचा रस्ता १२ ते १४ मीटर रुंद आहे, पण फरशी खडबडीत, पूर्ण फेरी सायकलवर दीड-दोन तास आणि हाताला झिणझिण्या. आईबाबांनी वर जाऊन दोन्ही दिशांना थोडं चालावं आणि त्याच दरवाज्याने उतरावं. तेव्हा सूर्यास्त पावणेसहाच्या सुमाराला होतो, पाचला वर असा. पावसात सायकली देत नाहीत.

फोनवर अलीपे हे पैसे देण्याचं चिनी अॅप घालून भारतातूनच व्हिसा किंवा मास्टरकार्ड जोडून ओळख तपासणी पूर्ण करा. २०० युआनपर्यंतच्या व्यवहाराला जादा आकार नाही, वर गेलं की ३ टक्के. यूपीआयच्या भरवशावर राहू नका. परतीची टॅक्सी अलीपेमधल्या दीदी या टॅक्सीसेवेतून बोलावता येते. गूगल आणि व्हॉट्सअॅप तिथल्या वायफायवर चालत नाहीत, भारतीय सिमच्या रोमिंगवर चालतात. गाईडशी बोलणं मात्र वीचॅट या चिनी मेसेज अॅपवरच होईल, ते निघण्याआधी सुरू करून ठेवा.

सांजवेळ

सगळ्यांचे आभार. दुकानं काढली, लिशान घातलं, इयरपीस मागितले. आता एकच अडतंय. दुपारी तीन ते पाच रिकामे आहेत. दायान पॅगोडा की शानशी इतिहास संग्रहालय? दिवस सोमवार आहे.

कृष्णाकाठ

सोमवारी इतिहास संग्रहालय बंद असतं, त्यामुळे प्रश्न सुटला. एरवीही तिथलं मोफत तिकीट आधी आरक्षित करावं लागतं आणि लगेच संपतं.

दायानच करा. शाळेत ह्यु एन त्संग म्हणून शिकलो तो युआन श्वांग ६४५मध्ये भारतातून परतला, आणि आणलेले ग्रंथ सुरक्षित राहावेत म्हणून ६५२मध्ये हा पॅगोडा उभा राहिला. आज सात मजली, ६४.५ मीटर. हाच माणूस दुसऱ्या पुलकेशीच्या काळात महाराष्ट्रात आला होता. महाराष्ट्रातले लोक उपकार विसरत नाहीत आणि अपमानही विसरत नाहीत, असं त्याने लिहून ठेवलंय, आणि त्याने वर्णन केलेली डोंगरातली लेणी म्हणजे अजिंठा असं मानतात. गाईड दोनलाच सोडत असाल तर एवढं तुम्हीच आईबाबांना सांगा. मनोऱ्यावर चढायचं तिकीट वेगळं आहे आणि जिना अरुंद, आईबाबांनी अंगणातच बसावं. तिथून दक्षिण दरवाजा गाडीने जवळ आहे, पण पाचची गर्दी धरून साडेचारला निघा.

देवगिरी

शांघायच्या विमानासाठी एक: २८ जून २०२५पासून चीनच्या देशांतर्गत विमानांत ३सी खूण (चीनचं सुरक्षा प्रमाणपत्र) नसलेली पॉवर बँक नेता येत नाही. भारतात घेतलेल्या बहुतेकांवर ती खूण नसते आणि सुरक्षा तपासणीत काढून घेतात. दिवसभर अलीपे आणि नकाशा चालवायला चार्जिंग तर लागणारच, तेव्हा बीजिंगमध्येच खुणेची एक विकत घ्या.